दुसरा हात

औसा रोडच्या मुलींच्या होस्टेलात आज सोळा खोल्या.
बाई म्हणाल्या, दोनच्या आत उरका,
पोरी क्लासमधून यायच्या आत.
आणि कुणी विचारलं तर ढेकूण म्हणू नका,
पंख्यांचं काम चालू आहे म्हणा.
म्हणून आम्ही पंखेवाले.

खदीर पाठीला पंप अडकवतो, मी गाद्या उलथतो.
शिवणीत बसलेले असतात मसुराएवढे,
जागून अभ्यास करणाऱ्या पोरींचं पिऊन टम्म.
नखाखाली फुटला की शिळ्या कोथिंबिरीचा वास.
डब्यावर पिवळा त्रिकोण आहे, त्याखाली बारीक इंग्रजी.
खदीर म्हणतो, वाचता आलं असतं
तर इथं कशाला असतो?
मास्क पहिल्या वर्षी मिळाले होते.
आता रुमाल, आणि रुमाल भिजवायला
पाणी मागून घ्यावं लागतं.

नऊ नंबरला, खिडकीकडच्या गादीखाली
चार घड्या घातलेला कागद.
सातशेवीसपैकी दोनशे अकरा.
मागे पेन्सिलीनं: पप्पांना साडेचारशे सांगितलेत.
खदीर म्हणाला, बाईला द्यायचा का?
मी म्हणालो, आपल्याला ढेकणांचे पैसे मिळतात.
गादी वाळेपर्यंत म्हणून खिशात ठेवला
आणि दहा, अकरा, बारा करत
सोळाला पोचलो.

घरी येतो तेव्हा मेघमाला आतूनच ओरडते, कपडे बाहेर.
नळाला पाणी येऊन आज नववा दिवस.
तरी न्हाणीत एक घागर झाकलेली असते,
तिला कुणी हात लावत नाही.
माझ्या अंगावरचं औषध उतरवायची ती घागर.
तिच्यात भांडी निघाली असती,
दोन वेळची डाळ शिजली असती.
मी तांबे मोजून घेतो. सात.
लेक वीतभर लांब उभी राहून हुंगते,
म्हणते, आनखी एक.
मग आठवा.

सदरा झटकला तसा कागद पडला.
लेक उचलायला वाकली आणि मी ओरडलो,
एवढ्या मोठ्यानं की शेजारची वत्सलाबाई
भिंतीवरून डोकावली.
कागद रात्रभर कुंपणावर, दगडाखाली.

रात्रभर मला एक पोरगी दिसत राहिली,
गादी उलथते, परत उलथते.
कुणाच्या हाती लागला असेल?
बाईंच्या? पप्पांच्या?
ढेकूण गेलेल्या खोलीतली पहिली रात्र,
आणि तिला झोप नाही.

सकाळी शेठला म्हणालो, पोट बिघडलंय.
त्यानं अर्धा दिवस कापला, पोटाचं विचारलं नाही.
मोकळा पंप पाठीला लावून औसा रोड गाठला.
बाई, नऊ नंबरला दुसरा हात मारायचा राहिला.
तो तर पंधरा दिवसांनी असतो ना?
अंडी लई होती, बाई.

ती खोलीतच होती, क्लास बुडवून.
पुस्तकं फरशीवर, पेटी उपडी,
उशीचा अभ्रा उलटा करून टाकलेला.
माझ्याकडे बघितलं,
पण विचारायची हिंमत झाली नाही तिची.
मलाही सांगायची नाही झाली.
ताई, पाच मिनिटं बाहेर थांबा,
औषध वाईट असतं.

कागद त्याच घड्यांत, त्याच कोपऱ्यात,
फक्त शिवणीच्या जरा आत,
घाईत शोधणाऱ्याच्या नजरेतून सुटेल असा.
मग दांडा मारत राहिलो.
फुस्स. फुस्स. नुसती हवा.
पाच मिनिटं म्हणालो होतो, पाच भरली.

दार उघडलं तशी ती आत आली,
नाक वर करून थांबली.
काका, आज वास नाही आला.
नवीन औषध आहे, मी म्हणालो.

जिना उतरताना लक्षात आलं,
आज रुमाल बांधायचा
मीही विसरलो होतो.